आपला गोल होईपर्यंत

सुयोगच्या त्या पत्राला मी उत्तर दिलं नव्हतं. ते सदऱ्याच्या खिशात तसंच घडी घातलेलं होतं आणि मी हॉकीच्या मैदानाबाहेर, चार नंबरच्या गेटसमोर, उन्हात उभा होतो. आत सामना सुरू झाला होता. माझ्याकडे तिकीट होतं. तरी मी आत जात नव्हतो.

"काका, तिकीट आहे ना हातात?" गेटवरच्या बाईंनी विचारलं. सुरक्षारक्षकाचा निळा गणवेश, पण खांद्यावर पदर सरकवायची सवय तशीच, म्हणून त्या मधूनमधून नसलेला पदर सावरायच्या. छातीवरच्या पट्टीवर ढोबळे असं नाव होतं.

"आहे," मी म्हणालो.

"मग जा की आत. शिट्टी झाली मघाच."

"थोड्या वेळानं जातो."

"कुणाची वाट बघताय?"

याचं खरं उत्तर असं होतं, की मी गोलची वाट बघत होतो. पण पहिल्यांदाच भेटलेल्या बाईंना असं कसं सांगायचं, ते मला सुचेना. मी नुसती मान हलवली आणि भिंतीच्या सावलीत सरकलो.

सुयोग माझा भाचा. आक्का, म्हणजे माझी थोरली बहीण, मेहुणे गेल्यावर त्याला घेऊन दौंडला माझ्याकडे राहायला आली, तेव्हा तो चार वर्षांचा होता. मी तिथल्या वाचनालयात ग्रंथपाल. लग्न केलं नाही. केलं नाही म्हणण्यापेक्षा, कुणाला विचारायचं धाडस होईपर्यंत वय निघून गेलं. दौंड रेल्वेचं गाव, त्यामुळे रेल्वेच्या मैदानावर हॉकी चालायची. सुयोग तिथं चेंडू आणून देता देता गोलमध्ये उभा राहायला लागला. त्याला पहिली पॅड मी घेऊन दिली. खेळातलं मला काही कळत नव्हतं, म्हणून वाचनालयासाठी मी नियमांचं पुस्तक मागवलं, मग गोलरक्षणावरची दोन इंग्रजी पुस्तकं मागवली आणि तिन्ही वाचून काढली. ती वाचणारा गावात मी एकटाच असेन. संध्याकाळी ओट्यावर बसून मी त्याला समजावून सांगायचो आणि तो अंगणात करून बघायचा. पण सामन्याला मी जात नसे.

म्हणजे सुरुवातीला गेलो होतो. तीनदा. पहिल्या वेळी शाळेच्या सामन्याला त्याच्यासाठी लिंबू सरबत घेऊन गेलो. मी मैदानाच्या कडेला पोचलो आणि त्याच क्षणी त्याच्या दोन पायांमधून गोल गेला. दुसऱ्या वेळी जिल्ह्याचा अंतिम सामना होता. वाचनालय बंद करून धावत गेलो. चपला काढून सतरंजीवर बसतोय तोच गोल. तिसऱ्या वेळी नाशिकला गेलो, तर मी बसमधून उतरून पोचेपर्यंत त्याचं बोट मोडलं होतं.

नाशिकहून परत येताना आक्का बराच वेळ खिडकीबाहेर बघत होती. मग म्हणाली, "नरू, मी तुला काही म्हणत नाही. पण तू आता नको येत जाऊस."

"बरं," मी म्हणालो.

पुढं कधीच तिनं तो विषय काढला नाही आणि मीही नाही. पांढऱ्या पायाचा हा शब्द तिनं उच्चारला नव्हता. तो मी स्वतःच स्वतःला लावून घेतला. पुस्तकं वाचणारा माणूस असल्या गोष्टी मानत नाही, असं मी लोकांना सांगत आलो होतो. मानत नव्हतोही. पण पोराचा खेळ पणाला लावून ते ताडून बघायची हिंमत माझ्यात नव्हती. सुयोगला वाटायचं, मामांना गर्दी सोसत नाही. ते खोटंही नव्हतं.

नऊ वर्षं अशी गेली. मग ती व्यावसायिक लीग सुरू झाली, जी पुढं तीन हंगामांत बंद पडली. सुयोगला पुण्याच्या संघानं घेतलं, पण राखीव गोलरक्षक म्हणून. दीड महिना तो बाकावर बसला. मग पहिल्या गोलरक्षकाचा घोटा दुखावला आणि उरलेले दोन सामने सुयोगच्या वाट्याला आले. या दोन सामन्यांवर त्याचा पुढच्या वर्षीचा करार ठरणार होता. नाहीतर परत दौंड, आणि कुठंतरी कारकुनी.

घोटा दुखावल्याचं कळलं त्याच दिवशी त्यानं मला पत्र लिहिलं. फोनवर मी 'हो' आणि 'बरं' यापलीकडे जात नाही, म्हणून तो मला पत्रच लिहायचा. पत्रात दोन पास होते. आणि कसं यायचं ते बारीकसारीक लिहिलं होतं, कारण मामा काय विचारणार नाहीत हे त्याला ठाऊक होतं. गेट क्रमांक दोनने या. सामन्याच्या तासभर आधी या, म्हणजे आमचा सराव बघायला मिळेल. मैदानावर पाणी मारतात, तेही बघण्यासारखं असतं. पिशवी आत सोडत नाहीत, पाण्याची बाटलीही नाही. किती वाजता पोचाल ते कळवा, मी गेटवर माणूस उभा करतो. शेवटी लिहिलं होतं, 'या वेळी या.'

मी पत्र आक्काला दाखवलं. तिनं ते दोनदा वाचलं.

"तुला जायचंय?" तिनं विचारलं.

"नको म्हणत असलीस तर—"

"मी विचारलं ते सांग."

"जायचंय," मी म्हणालो. "एकदा बघायचंय त्याला. मग नाही जाणार."

आक्का स्वयंपाकघरात गेली. बऱ्याच वेळानं पीठ लागलेल्या हातांनी बाहेर आली. तिनं सगळं ठरवून टाकलं होतं. ती पासवर दोन नंबरच्या गेटनं जाईल. मी वेगळं तिकीट काढायचं, सामान्य स्टँडचं. सुयोगला कळवायचं नाही. आणि मी आत कधी जायचं, तर आपला पहिला गोल झाल्यावर.

"एकदा आपला गोल झाला की तू आलास तरी चालेल," ती म्हणाली. "मग तो गोल तुझ्या येण्याच्या आधीचा. पुढं काय झालं तरी एक हातचा असेल."

"पण मला बाहेर कसं कळणार?"

"मी मिस्ड कॉल देते."

मी हसलो नाही. उलट मला ते शहाणपणाचं वाटलं. सुयोगच्या पत्राला काय उत्तर लिहायचं? 'आपला गोल झाल्यावर पोचतो' असं? म्हणून लिहिलंच नाही.

तर असा मी चार नंबरच्या गेटसमोर उभा होतो, सदऱ्याच्या एका खिशात पत्र आणि दुसऱ्यात सुयोगनं घेऊन दिलेला फोन. फोन मुका होता. आतून मात्र सगळं ऐकू येत होतं. निवेदकाचा आवाज भोंग्यावरून भिंतीपलीकडून यायचा, मराठी-हिंदीची खिचडी करत. लुधियानाचा संघ सारखा चढाई करत असावा, कारण थोड्या थोड्या वेळानं सगळं स्टँड श्वास रोखल्यासारखं गप्प व्हायचं, आणि मग भोंगा ओरडायचा, "सुयोग पवळे! फिर से पवळे! अडवला!" मग टाळ्या.

तो अडवत होता, आणि काय अडवत होता, कसं अडवत होता, ते मला भिंत दाखवत नव्हती. पॅडनं की स्टिकनं? पुढं येऊन की जागेवर थांबून? आणि आपले पुढचे खेळाडू गोल करत नव्हते. शून्य-शून्य. सुयोग जितका चांगला खेळत होता तितका मी बाहेर राहत होतो.

"पवळे कोण हो, काका?" ढोबळेबाईंनी विचारलं. "सारखं त्याचंच नाव घेतायत."

"गोलरक्षक आहे."

"तुम्ही त्याचं नाव आलं की दचकता."

त्यांनी एक प्लास्टिकची खुर्ची माझ्याकडे सरकवली. "बसा. आत बसायचं तिकीट काढून बाहेर उभे राहिलेले तुम्ही पहिलेच."

मध्यंतर झालं. लोक बाहेर येऊन भेळ आणि चहा घेऊन परत गेले. फोन वाजला, तेव्हा मी तो उलटाच कानाला लावला.

"नरू, कुठायस?" आक्का.

"गेटवर."

"आत नाही ना आलास?"

"नाही. गोल कुठं झालाय अजून?"

"हां. थांब तिथंच. पोरगं काय खेळतंय, नरू. बाजूचा माणूस मला म्हणाला, हा पवळे नसता तर चार झाले असते. मी सांगितलं त्याला, माझा मुलगा आहे म्हणून." मग तिचा आवाज जरा खाली आला. "तू जेवलास का?"

"खाल्लं काहीतरी."

"उन्हात उभा राहू नकोस," असं म्हणून तिनं ठेवलं.

ढोबळेबाई ऐकत होत्या. त्यांनी ते लपवलं नाही. "गोल झाल्याशिवाय आत जायचं नाही, असं आहे का काही? नवस वगैरे?"

आता लपवण्यात अर्थ नव्हता. मी सांगितलं. पवळे माझा भाचा, सरबत, सतरंजी, मोडलेलं बोट, सगळं. परक्या माणसाशी इतकं मी आयुष्यात बोललो नसेन. त्या एकदाही हसल्या नाहीत. फक्त गेटच्या कडीशी चाळा करत राहिल्या.

"मी लग्न होऊन सासरी आले ना," त्या म्हणाल्या, "तर चौथ्या दिवशी सासूची म्हैस मेली. चांगली दुभती होती. सासू म्हणाली, आली आणि म्हैस गेली. अठरा वर्षं झाली. अजून ती म्हैस माझ्या नावावर आहे."

"मग?"

"मग काय. दुसरी घेतली. ती बादली बादली दूध द्यायची. सासू गावभर सांगायची, म्हैस गुणाची आहे म्हणून." त्यांनी माझ्याकडे बघितलं. "मेली ती माझ्या पायानं, आणि दूध दिलं ते स्वतःच्या गुणानं. मी म्हटलं, आत्याबाई, जरा दुधात पण धरा की मला. तर म्हणे, फार बोलतेस."

मला हसू आलं. त्यांनाही आलं.

आत शिट्टी झाली, तिसरं सत्र सुरू झालं. थोड्या वेळानं एक पर्यवेक्षक फटफटीवरून येऊन काहीतरी सांगून गेला. ढोबळेबाई कडीला हात घालून उभ्या राहिल्या.

"काका, आता गेट लावायचंय. साहेबांचा हुकूम आहे. मग सामना संपेपर्यंत उघडणार नाही. आत की बाहेर, ते सांगा."

मी फोनकडे पाहिलं. तो गप्प होता. त्या क्षणी मी काही मोठा विचार केला असं मला सांगता येणार नाही. पायगुण वगैरे खोटं आहे असं मला पटलं होतं, असंही नाही. एवढंच डोक्यात आलं, की गेट बंद झालं तर मला तो दिसणार नाही, आणि उद्या मी खिडकीशी वर्तमानपत्र घेऊन बसेन आणि त्यात एका ओळीत त्याचं नाव असेल.

"आत," मी म्हणालो.

त्यांनी तिकीट फाडलं. "डावीकडून वर जा. आणि काका, खाली मान घालून चालू नका. समोर बघा."

पायऱ्या चढून मी वर आलो आणि समोर एकदम निळं मैदान आलं, पाण्यानं चकाकणारं. मी गोलच्या बरोबर मागं होतो. मध्यंतरानंतर संघांनी बाजू बदलल्या होत्या, त्यामुळे सुयोग अगदी जवळ, पण पाठमोरा. नऊ वर्षांनी त्याला खेळताना बघत होतो. अंगणातला पोरगा पॅड घालून केवढा रुंद झाला होता. तरी उभं राहायची पद्धत तीच, ओट्यावरून मी सांगायचो तशी, वजन पुढं, हात सैल.

मी बसलोही नव्हतो, तेव्हा पंचानं पेनल्टी कॉर्नर दिला. लुधियानाला.

मला परत पायऱ्या उतरून जावंसं वाटलं. खरंच एक पायरी उतरलोही. मग थांबलो. उतरून जाणार कुठं, गेट बंद होतं. मी कठडा धरला आणि डोळे मिटायच्या बेतात होतो, पण मिटले नाहीत. चेंडू गोलशेजारच्या मागच्या रेषेवरून बाहेर ढकलला गेला, वर्तुळाच्या टोकाला त्यांच्या एकानं अडवला आणि दुसऱ्यानं तो स्टिकवर घेऊन गोलकडे फेकला. सुयोग पुढं झेपावला. चेंडू त्याच्या डाव्या हाताशेजारून गेला आणि गोलच्या आतल्या फळीवर आदळला. असा आवाज होतो हे मला पुस्तकातून कळलं नव्हतं.

एक-शून्य. त्यांचा.

खिशातला फोन तेव्हाही वाजला नाही. मी उरलेला सामना उभ्यानंच पाहिला. त्यानंतर सुयोगनं दोन चेंडू असे अडवले, की शेजारचा एक माणूस मला मिठीच मारायला निघाला होता. पण आपला गोल काही झाला नाही. आम्ही हरलो.

सामना संपल्यावर दोन नंबरच्या गेटबाहेर आक्का उभी होती. मला बघून तिनं तोंड फिरवलं नाही, पण पहिला प्रश्न तोच विचारला.

"कधी आलास आत?"

"गोलच्या जरा आधी."

"मला कळलं," ती म्हणाली. "चेंडू गेला तेव्हाच म्हटलं, नरू आला."

"गेट बंद करत होते, आक्का."

"करू द्यायचं होतंस."

तिचंही चुकत नव्हतं. तिचा एकुलता एक मुलगा आणि दोनच सामने.

थोड्या वेळानं सुयोग आला. केस ओले, खांद्यावर मोठी पिशवी, चालताना जरा लंगडत. मला पाहून तो थबकला. मग आला आणि वाकून पाया पडला, आधी आईच्या, मग माझ्या. मी पाय मागं घेतला. मला ते करायचं नव्हतं, झालं.

"मामा, तुम्ही आलात. उत्तर नाही पाठवलंत, मला वाटलं नाहीच येत. तुमच्यासाठी एक पोरगा दोन वाजल्यापासून इथं उभा केला होता. कुठं बसला होतात?"

"चार नंबरला. गोलच्या मागं."

"मग तुम्हाला दिसला असेल." तो एकदम जवळ आला. "तो गोल. माझं काय चुकलं?"

आक्का म्हणाली, "तुझं काय चुकणार? उन्हातान्हात जीव तोडून खेळलास. ते जरा... वेळ वाईट होती."

"आई, थांब गं. मामा, सांगा ना. कोच म्हणतात नशीब. व्हिडिओ उद्या मिळणार. मला आत्ता हवंय."

"तू आधीच उजवीकडे झुकलास," मी म्हणालो. "त्यानं फेकायच्या आधी. तुझा उजवा खांदा खाली गेला. त्याला तो दिसला असणार."

सुयोगनं डोळे मिटले. जागेवरच त्यानं ते परत करून पाहिलं, पिशवी खांद्यावर असतानाच, खांदा खाली, मग डावा हात. "बरोबर," तो म्हणाला. "झुकलो होतो. आधीच्या दोन कॉर्नरना तिकडेच आला होता, म्हणून मी धरून चाललो."

"अरे, कशाला स्वतःच्या अंगावर घेतोस?" आक्का म्हणाली. "मी सांगते कशानं झालं ते." आणि तिनं सांगितलं. सरबतापासून मिस्ड कॉलपर्यंत. रागानं नाही, लहान मुलाला औषध का कडू आहे ते सांगावं तसं. मी फरशीकडे बघत होतो.

सुयोगनं खांद्यावरची पिशवी खाली ठेवली. मग त्यानं मला विचारलं, "नाशिकनंतर म्हणून आला नाहीत?"

मी मान हलवली.

"मला वाटायचं, तुम्हाला पुस्तकातलंच आवडतं. खरं बघायला आवडत नाही."

"तसं नाही रे."

तो आईकडे वळला. "आई, तो गोल माझ्यामुळे झाला. तो मला राहू दे. मामांना देऊ नकोस."

"मी तुझ्या भल्यासाठीच—"

"माहीत आहे गं. पण हा तू त्यांच्या पायावर घातलास, तर आज अडवलेले कुणाचे? ते पण मग मामा बाहेर उन्हात बसले म्हणून अडले, असं होईल. मग मी तिथं पॅड बांधून काय करत होतो?"

आक्कानं गेटवरून परत घेतलेल्या पिशवीतून डबा काढला आणि त्याच्या हातात दिला. "थालीपीठ आहे. गार झालंय," एवढंच म्हणाली.

त्यानं तिथंच एक तुकडा मोडला, अर्धा मला दिला.

"शेवटचा सामना पुढच्या रविवारी," तो खाता खाता म्हणाला. "कराराचं त्यानंतर कळेल. होईल, न होईल. मामा, या वेळी मात्र कळवा, किती वाजता येणार ते. तो पोरगा परत उभा राहणार नाही म्हणालाय."

"फोनवर सांगतो," मी म्हणालो.

"फोनवर तुम्ही 'बरं' म्हणाल आणि ठेवाल. लिहून पाठवा."

सोमवारी सकाळी मी लिहायला बसलो. कागद चार वेळा बदलला. आधी क्षमा मागितली होती, ती खोडली. मग गोलरक्षणाबद्दल दोन परिच्छेद झाले, तेही काढले. त्याला ते समोर सांगता येणार होतं. शेवटी उरलं ते एवढंच, की मी रविवारी सामन्याच्या तासभर आधी दोन नंबरच्या गेटवर पोचतो, आई आणि मी बरोबरच येतो.

पत्र मी आक्काला वाचून दाखवलं होतं. ती दारात तांदूळ निवडत होती. मी चपला घालताना तिनं वर पाहिलं.

"बरोबर येतो, असं लिहिलंस?"

"हो."

"मी काही म्हटलं नव्हतं अजून."

"मग खोडू?"

तिनं सुपातला एक खडा उचलून अंगणात टाकला. "जा, टाकून ये. अकराला पेटी उघडतात," ती म्हणाली.

मी पोस्टापर्यंत चालत गेलो. पेटीपाशी दोन मिनिटं उभा राहिलो, नेहमीसारखा. मग पाकीट आत सोडलं. ते खाली पडल्याचा आवाज आल्यावर तिकीट लावलं होतं की नाही अशी शंका आली, पण ते मी घरून निघतानाच लावलं होतं.